यादीत नाव घालण्यापूर्वी

मक्ता, इजारा, ठेका, कंत्राट, टेंडर आणि आता ई-निविदा. एकाच व्यवहाराची ही नावे नुसती ओळीने वाचली, तरी आपल्या मुलखावरून किती राज्ये गेली ह्याचा अंदाज येतो. राज्य कोणाचेही असो, रस्ता, पूल, बंधारा वा शाळा राज्यकर्ता स्वतःच्या हाताने बांधीत नाही. तो कोणाकडून तरी बांधवून घेतो. हे काम कोणास द्यावे, ह्याविषयी आपल्याकडे पुष्कळ बोलले जाते. परंतु एखाद्यास ‘ह्यापुढे ह्या दारात येऊ नकोस’ असे बजावण्याचा सरकारचा अधिकार कोठवर पोचतो, आणि तो कोणत्या रीतीने वापरावा, ह्याचा विचार क्वचितच होतो. ह्या अधिकारालाच लोकव्यवहारात ‘काळी यादी’ म्हणतात. त्या यादीचा आणि तिला हळूहळू बसलेल्या लगामाचा इतिहास सांगणे, हा प्रस्तुत व्याख्यानाचा हेतू आहे.

कोणी विचारील, मक्तेदाराच्या दुःखाची एवढी काळजी कशाला? मक्तेदार म्हटला की खडीत माती आणि सिमेंटात वाळू अधिक मिसळणारा गृहस्थ आपल्या डोळ्यांपुढे उभा राहतो, आणि असे गृहस्थ जगात नाहीत असे कोणीच म्हणणार नाही. पण विट्याच्या श्रोत्यांस तरी नावाची किंमत सांगावयास नको. खानापूर तालुक्यातली माणसे गलाईचा धंदा घेऊन देशभरच्या शहरांत गेली आणि सराफ पेठांतून स्थिरावली. परमुलखात त्यांच्यापाशी शेतीवाडी नव्हती, वशिला नव्हता. होती ती केवळ पत. आपल्या हाती आलेले सोने मुशीत घालून, कस पाहिल्यावाचून गलाईवाला त्याला हिणकस म्हणत नाही. मग माणसाला हिणकस ठरविताना सरकारने निदान तेवढी तरी खबरदारी घ्यावी की नाही, एवढाच आजचा प्रश्न आहे.

आपल्या जुन्या न्यायपद्धतीपासून आरंभ करू. मराठेशाहीत वतनाचा तंटा उभा राहिला म्हणजे वादी आणि प्रतिवादी अशा दोघांच्याही तकरिरी घेत. निवाडा मान्य करू असे राजीनामे दोघे लिहून देत, जामीन देत, साक्षीपुरावा होई, गोतसभा बसे आणि मग निवाडपत्र लिहिले जाई. त्या निवाडपत्रांत दोन्ही बाजूंचे म्हणणे सविस्तर नमूद केलेले आढळते. ही सारी काळजी अर्थात वतनासाठी. वतन हा हक्क होता, म्हणून तो काढून घेण्यापूर्वी वतनदारास विचारणे भाग होते. इजाऱ्याची गोष्ट निराळी. दुसऱ्या बाजीरावाच्या कारकिर्दीत अधिक रक्कम बोलणाऱ्याच्या पदरात मामलत पडे, आणि त्याहून अधिक बोलणारा भेटला की पहिल्याची उचलबांगडी होई. त्याची तकरीर घेण्याचे कारण कोणास वाटत नसे. कारण इजारा ही मेहेरबानी होती. हक्काला सुनावणी आणि मेहेरबानीला मर्जी, हा भेद आपण नीट ध्यानात ठेवला पाहिजे. पुढील दीडशे वर्षांचा सारा वाद ह्याच भेदाभोवती फिरत राहिला.

इंग्रजी अंमलात १८५४ च्या सुमारास सार्वजनिक बांधकाम खाते उभे राहिले. कालवे, पूल, घाटरस्ते व धरणे ह्यांची कामे निघाली आणि मक्तेदारांचा एक नवा वर्ग उदयास आला. ह्या वर्गात महाराष्ट्राला वंद्य असलेले एक नाव आहे, ते महात्मा जोतीराव फुले ह्यांचे. त्यांचे घराणे मूळचे आपल्या शेजारच्या खटाव तालुक्यातील कटगुणचे. समाजकार्यासाठी कोणापुढे हात पसरावा लागू नये म्हणून जोतीरावांनी व्यापार आणि मक्तेदारी केली. खडकवासल्याच्या धरणाच्या कामाला माल पुरविला. खात्याचा कारभार त्यांनी असा आतून पाहिलेला होता. हाताखालच्या कामगारांची लबाडी आणि त्यांच्यावर विसंबून राहणारे गोरे अधिकारी, हा विषय घेऊन त्यांनी इंजिनियर खात्यावर एक पवाडाही रचला. मक्तेदाराचे काम मोजणारा, बिल पास करणारा आणि त्याच्याविषयी वर अहवाल पाठविणारा माणूस एकच असला म्हणजे काय होते, हे समजून घेण्यास ह्याहून चांगला साक्षीदार मिळणे कठीण. मक्तेदार नेहमीच सोवळा असतो असे ह्यावरून ठरत नाही. मात्र त्याच्याविरुद्ध लिहिणारी लेखणी नेहमीच निःस्वार्थी असते, हेही गृहीत धरता येत नाही.

यादीत नाव घालून माणसास बाहेर ठेवणे ही कल्पना इंग्रजी कचेऱ्यांनी आपल्याला शिकवली असेही नव्हे. वाळीत टाकणे आपल्याला चांगले परिचयाचे आहे. १८९० च्या ऑक्टोबरात पुण्यातील पंचहौद मिशनमध्ये काही प्रतिष्ठित मंडळी व्याख्यानाला जमली आणि तेथे चहा-बिस्किटे पुढे आली. डॉ. आनंदीबाईंचे पती गोपाळराव जोशी ह्यांनी त्या मंडळींच्या नावांची यादी ‘पुणे वैभव’ पत्रात छापवून आणली आणि ग्रामण्य उभे राहिले. यादीत रानडे होते, टिळकही होते. प्रकरण शंकराचार्यांपर्यंत गेले. त्यांनी चौकशीसाठी शास्त्र्यांना पुण्यास धाडले. तेथे आरोप मांडले गेले, आरोपितांची बाजू ऐकली गेली, टिळकांनी आपला युक्तिवाद केला. प्रायश्चित्त घेऊन परत येण्याची वाटही मोकळी होती. त्या प्रकरणाच्या मुळाशी असलेली रूढी आज आपण टाकून दिली आहे. पण रीतीपुरते पाहिले, तर त्यात तीन गोष्टी दिसतात: आरोप उघड होता, उत्तराला जागा होती आणि शिक्षेला शेवट होता.

अर्थात हे पुण्यातील वजनदार मंडळींच्या बाबतीत घडले. खेडोपाडी ज्या गरिबाला जातपंचायतीने वाळीत टाकले, त्याच्याकरिता कोणी शास्त्री धाडले नाहीत; आणि अस्पृश्य मानलेल्या समाजाला तर पिढ्यानुपिढ्या कोणताही आरोप न ठेवता विहिरीपासून आणि देवळापासून दूर ठेवण्यात आले. न विचारता आणि मुदतीवाचून बाहेर ठेवणे किती क्रूर असते, हे महाराष्ट्राने आपल्याच घरात पाहिले आहे. सामाजिक बहिष्काराला गुन्हा ठरविणारा कायदा आपल्या विधिमंडळाने २०१६ साली संमत केला, तो ह्याच अनुभवातून.

आता इंग्रजी कायद्याकडे वळू, कारण आपली न्यायालये त्याच परंपरेत वाढली. ‘दुसऱ्या बाजूचेही ऐका’ हे त्या कायद्याचे जुने सूत्र आहे. १७२३ साली केंब्रिज विद्यापीठाने डॉ. बेंटली ह्या विद्वानाच्या पदव्या त्याचे म्हणणे न ऐकता काढून घेतल्याचा खटला चालला. त्यात न्यायमूर्ती फोर्टेस्क्यू ह्यांनी बायबलातील कथेचा दाखला दिला: प्रत्यक्ष परमेश्वरानेही आदमला बागेतून घालविण्यापूर्वी, तू ते फळ खाल्लेस काय, असे विचारले होते. परमेश्वराला उत्तर ठाऊक नव्हते असे थोडेच आहे! पुढे लंडनमध्ये कूपर नावाच्या बांधकाम करणाऱ्याचे अर्धवट घर वाँड्सवर्थच्या स्थानिक मंडळाने पाडले. त्याने सात दिवसांची आगाऊ सूचना दिली नव्हती, हा त्याचा दोष. पण पाडण्यापूर्वी मंडळाने त्याला विचारले नव्हते. कायद्यात विचारण्याचे कलम नाही, असे मंडळ म्हणाले. न्यायालयाने १८६३ साली सांगितले की, कायदा तेथे मुका असला तरी न्यायबुद्धी ती उणीव भरून काढते. आणि कूपरला भरपाई मिळाली.

तथापि घर हा हक्क होता. सरकारी मक्ता हा हक्क कोठे आहे? आपल्या घराला रंग कोणाकडून द्यावा हे आपण आपल्या मनाने ठरवितो. मग तसेच सरकारने का ठरवू नये? जुन्या इजाऱ्याचाच हा युक्तिवाद, आणि तो वरवर पाहता बिनतोड वाटतो. अमेरिकेत १९३३ च्या एका कायद्याने तर नियम मोडणाऱ्या मक्तेदाराला तीन वर्षे दूर ठेवण्याची तरतूद केली होती. त्याच देशात गोन्झालेझ नावाच्या व्यापारी कंपनीला सरकारी महामंडळाने पाच वर्षे व्यवहारबंदी केली, ती धड सूचना वा सुनावणी न देता. वॉशिंग्टनच्या अपील न्यायालयात १९६४ साली न्यायाधीश वॉरेन बर्गर ह्यांनी निकाल दिला की, सरकारशी करार मिळण्याचा हक्क कोणालाही नाही हे खरे. परंतु मनमानीने दूर सारले जाऊ नये एवढा हक्क प्रत्येकास आहे. हेच बर्गर पुढे अमेरिकेचे सरन्यायाधीश झाले.

आपल्या देशात हा प्रश्न केरळ उच्च न्यायालयापुढे आला. पुन्नन थॉमस खटल्यात बहुमताने कौल दिला की, खासगी माणसाप्रमाणेच सरकारही आपला मक्तेदार निवडण्यास मोकळे आहे, सुनावणीची गरज नाही. न्यायमूर्ती के. के. मॅथ्यू ह्यांनी मात्र भिन्नमत नोंदविले. सरकार लोकांच्या पैशाने आणि लोकांसाठी व्यवहार करते. त्याला खासगी माणसाचा लहरीपणा शोभत नाही, असा त्याचा मथितार्थ होता. भिन्नमताला त्या दिवशी किंमत नसते. पण कधी कधी ते पेरलेल्या बियाण्यासारखे असते.

त्याला अंकुर फुटला तो १९७४ च्या नोव्हेंबरात. पश्चिम बंगाल सरकार सिंकोनाची लागवड करून त्यापासूनची द्रव्ये विकत असे. त्या विक्रीतून इरूशियन इक्विपमेंट अँड केमिकल्स ह्या कंपनीला काळ्या यादीच्या कारणावरून वगळण्यात आले, आणि प्रकरण सर्वोच्च न्यायालयात पोचले. सरन्यायाधीश ए. एन. राय ह्यांनी दिलेल्या निकालाचे सार असे: माझ्याशीच करार करा असा आग्रह कोणी सरकारपाशी धरू शकत नाही, पण सरकार व्यापारात उतरले म्हणून समतेच्या तत्त्वातून सुटत नाही. काळ्या यादीने माणसाच्या नावाला बट्टा लागतो आणि कायदेशीर लाभाची वाट बंद होते. म्हणून नाव यादीत घालण्यापूर्वी त्याला आपली बाजू मांडण्याची संधी दिलीच पाहिजे. हक्काला सुनावणी आणि मेहेरबानीला मर्जी, हा शतकानुशतके चालत आलेला भेद येथे प्रथमच स्पष्टपणे ओलांडला गेला.

ह्यानंतरचा महत्त्वाचा टप्पा मुंबईतला आहे. १९७७ साली मुंबईच्या विमानतळावर एक दुय्यम दर्जाचे उपाहारगृह आणि दोन अल्पोपाहाराची दुकाने चालविण्यासाठी निविदा मागविल्या. पाच वर्षांचा अनुभव असलेला नोंदणीकृत हॉटेलवालाच हवा, अशी अट छापली होती. काम मिळाले ते ही अट पुरी न करणाऱ्यास. १९७९ च्या रमणा दयाराम शेट्टी खटल्यात न्यायमूर्ती भगवती ह्यांनी सांगितले की, सरकारने स्वतः घातलेली अट सरकारलाही बांधते. मॅथ्यू ह्यांच्या केरळातील भिन्नमताची त्यांनी आदराने दखल घेतली. गंमत अशी की, दाद मागणाऱ्यास प्रत्यक्षात काही मिळाले नाही. त्याने उशीर केला होता आणि दरम्यान दुसऱ्याने पैसा गुंतविला होता. तत्त्व जिंकले आणि माणूस रिकाम्या हाताने परतला. न्यायाच्या इतिहासात असे पुष्कळदा घडते.

पुढचे निकाल म्हणजे ह्या तत्त्वाचा तपशील होय. संधी द्यावयाची म्हणजे नेमके काय द्यावयाचे? दिल्लीच्या एका सरकारी रुग्णालयाला पहारेकरी पुरविणाऱ्या गोरखा सिक्युरिटी ह्या संस्थेच्या खटल्यात २०१४ साली ठरले की, कारणे दाखवा नोटिशीत नुसता दोष सांगून भागत नाही. काळ्या यादीत घालण्याचा विचार आहे, हेही तीत कळले पाहिजे. कारण दंड होणार असे समजून माणूस एक उत्तर देईल, आणि धंदा बुडणार असे कळले तर निराळे देईल. किती काळासाठी, ह्याचे उत्तर मुंबईच्या उच्च न्यायालयातून वर गेलेल्या खटल्यात मिळाले. भारत संचार निगमला नळ्या पुरविणाऱ्या कुलजा इंडस्ट्रीजने हक्काहून अधिक रक्कम उचलल्याचा ठपका येऊन तिला कायमचे बाद केले होते. २०१३ साली सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, दोष गंभीर असला तरी बंदी जन्मभराची असू शकत नाही. अपराध, नुकसान, वारंवारता आणि भरपाई हे पाहून मुदत ठरवावी. हे निकष सांगताना अमेरिकेतील नियमांचाही आधार घेतला गेला. केंद्र सरकारच्या २०१७ च्या वित्तीय नियमांतील १५१ व्या नियमात हीच दृष्टी उतरली आहे: विशिष्ट गुन्ह्यांत शिक्षा झाली असल्यास तीन वर्षांपर्यंत, सचोटीच्या नियमांचा भंग असल्यास दोन वर्षांपर्यंत बंदी, आणि म्हणणे मांडण्याची वाजवी संधी दिल्यावाचून बंदी नाही. २०२४ साली कोलकाता महापालिकेच्या ब्लू ड्रीम्झ खटल्यात आणखी एक मर्यादा पडली. देण्याघेण्याचा साधा प्रामाणिक वाद असेल, तर तेथे काळ्या यादीचे शस्त्र उगारणे म्हणजे शिक्षा गुन्ह्याहून मोठी करणे होय.

आता दुसरी बाजू. ती न ऐकता मी आपले भाषण आटोपले, तर माझेच तत्त्व मी मोडल्यासारखे होईल. सार्वजनिक काम फसते तेव्हा नुसता पैसा जात नाही, माणसे जातात. १४ मार्च २०१९ रोजी मुंबईत छत्रपती शिवाजी महाराज टर्मिनसजवळचा हिमालय पूल कोसळून पादचारी मृत्युमुखी पडले. तपासणीत त्या पुलाला किरकोळ दुरुस्त्याच पुरेशा ठरविल्या होत्या. अशा वेळी लोक संतापून विचारतात, ह्यांना कशाला हवी नोटीस आणि खुलासा? ह्या प्रश्नात राग आहे, तसा न्यायही आहे. सरकारजवळ बंदीचा अधिकार असलाच पाहिजे, आणि न्यायालयांनी तो नाकारलेलाही नाही. मुंबईच्या पटेल इंजिनियरिंग कंपनीची महामार्गाच्या कामासाठी निवड झाली असता तिने काम घेण्याचे नाकारले; महामार्ग प्राधिकरणाने खुलासा मागवून तिला वर्षभर दूर ठेवले. २०१२ साली सर्वोच्च न्यायालयाने ती बंदी उचलून धरली. रीत पाळली, कारण खरे होते, मुदत बेताची होती, बंदी टिकली.

ह्याच्या उलट उदाहरण पाहावे. अन्न महामंडळाच्या पहारेकरी भरतीची परीक्षा यूएमसी टेक्नॉलॉजीज ही कंपनी घेत होती. प्रश्नपत्रिका फुटल्याचा आरोप झाला आणि कंपनीवर पाच वर्षांची बंदी आली. आरोप लहानसहान नव्हता. पण नोटिशीत काळ्या यादीचा उल्लेखच नव्हता, म्हणून २०२० साली ती बंदी रद्द झाली. काळी यादी म्हणजे नागरी मृत्यू, असे न्यायालयाने त्या वेळी म्हटले. कंपनी दोषी होती की निर्दोष, हा प्रश्न तसाच राहिला. कचेरीने नोटीस नीट लिहिली नाही, एवढ्यावर निकाल लागला. न्याय्य पद्धत ही लबाडाची ढाल आहे असे जे म्हणतात, त्यांनी हे लक्षात घ्यावे. लबाडाच्या खरोखर पथ्यावर पडते ती अर्धवट, घाईची, रागाच्या भरात काढलेली ऑर्डर. तिच्यामुळे निरपराध असेल तो भरडला जातो आणि अपराधी असेल तो वकील देऊन सुटतो.

मात्र ह्या साऱ्या खटल्यांत दिल्लीपर्यंत कोण पोचले, हेही पाहिले पाहिजे. बहुतेक कंपन्या. तालुक्याच्या गावी गटार, शाळेची खोली किंवा मुरमाचा रस्ता ह्यांची कामे घेणारा लहान मक्तेदार, ज्याच्या पदरी एक मुकादम आणि पंधरावीस मजूर असतात, तो सर्वोच्च न्यायालयाची पायरी कधी चढणार? त्याच्या बाबतीत पुष्कळदा लेखी यादीचीही गरज पडत नाही. निविदेच्या कागदांत त्रुटी निघते, बिल अडते, अनामत परत मिळत नाही, आणि काही दिवसांनी आपल्याला पुन्हा काम मिळणार नाही हे त्याला न सांगताच कळते. लेखी आदेशावर निदान अपील करता येते. तोंडी बहिष्कारावर कोठे करणार? १८९० साली पुण्याच्या प्रतिष्ठितांना शास्त्री मिळाले आणि खेड्यातील वाळीत पडलेल्यास मिळाले नाहीत, तोच भेद येथे पुन्हा उभा राहतो.

तेव्हा न्याय दिल्लीत छापला गेला, एवढ्याने भागत नाही. तो नगरपालिकेच्या आणि जिल्हा परिषदेच्या टेबलावर उतरला पाहिजे. त्यासाठी नवा कायदा लागतोच असे नाही. आपल्या गावात एखाद्या मक्तेदारावर बंदी आल्याचे ऐकू आले, तर नागरिकांनी टाळ्या किंवा शिव्या देण्यापूर्वी चार प्रश्न विचारावेत. दोष काय होता, हे त्याला लेखी कळविले काय? बंदी येऊ शकते, हे त्याला आधी सांगितले काय? त्याचे उत्तर, ज्याच्याशी त्याचे भांडण आहे त्याने नव्हे, तर दुसऱ्या कोणी वाचून कारणांसह निर्णय दिला काय? आणि ही बंदी केव्हा संपणार? चारही उत्तरे समाधानकारक असतील, तर बंदीच्या मागे निर्धास्तपणे उभे राहावे. मग तो मक्तेदार कितीही मोठा असो आणि त्याचा वशिला कोठवरही पोचलेला असो. एक जरी उत्तर मिळाले नाही, तरी समजावे की कस न पाहताच सोने हिणकस ठरविले गेले आहे, आणि उद्या त्याच तराजूत आपलेही नाव पडू शकते.